न सांगितलेलं परंतुक

मी लेखी परीक्षा देऊन खोलीवर आले, त्या दिवशी दादाचा फोन आला. बाबा गेले होते. जाऊन दहा दिवस झाले होते. मला का कळवलं नाही, असं मी विचारलं. दादा म्हणाला, "बाबांनीच सांगून ठेवलं होतं. लेखी परीक्षा संपेपर्यंत तिच्यावर समन्स बजावायचं नाही म्हणाले. मला काही अर्थ लागला नाही. तुला लागतोय का?"

मला लागत होता.

तो सांगायचा तर स्टेट कॉलेज नावाच्या अमेरिकन गावातल्या आमच्या घराबद्दल आणि सव्वाचारशे वर्षांपूर्वी छापलेल्या एका लॅटिन पुस्तकाबद्दल सांगावं लागेल. या दोन्हींचा एकमेकांशी काही संबंध आहे, हे माझ्या घरातल्या तिघींना शेवटपर्यंत पटलं नव्हतं. आम्ही चौघी मिळून दोन खोल्यांचं घर भाड्याने घेऊन राहत होतो. एक पुण्याची, एक नागपूरची, एक मुंबईची. तिघी इंजिनियर. मी दोन हजार दोन साली इतिहास विभागात आले, जुन्या कायद्याचा अभ्यास करायला. संस्कृतात बी. ए., त्यावर एलएल. बी., आणि दोन वर्षं बाबांच्या हाताखाली मिरजेच्या कोर्टात, एवढी माझी शिदोरी. पहिल्याच आठवड्यात नागपूरची म्हणाली, "यार, लॅटिन शिकायला तू अमेरिकेत आलीस? रोम तर वाटेत लागलं असेल. तिथेच उतरायचं ना."

पहिलं वर्षभर मी अठरा वर्षांच्या मुलांबरोबर बसून लॅटिनची रूपं घोकली. विभक्तींची मला भीती नव्हती. त्या मुलांना मात्र नामाला सात-आठ रूपं असतात हीच आपली कोणीतरी केलेली फसवणूक वाटत होती. वर्षअखेर शिक्षिकेने वर्गात माझं कौतुक केलं, तेव्हा मला पुन्हा एकदा चौथीच्या स्कॉलरशिपला पास झाल्यासारखं वाटलं. मी तेव्हा एकोणतीस वर्षांची होते.

माझे मार्गदर्शक वयस्कर होते. तरुणपणी पाद्री व्हायला निघाले होते. चर्चचा सगळा कायदा पाठ झाल्यावर पाद्री व्हायचं नाही असं त्यांनी ठरवलं. ते म्हणायचे की या दोन गोष्टींचा संबंध नाही, पण म्हणताना खिडकीबाहेर बघायचे. मी त्यांना बाबांबद्दल सांगितलं होतं. कोर्टाच्या भाषेत वाढलेल्या मुलीला कसला विषय द्यावा याचा त्यांनी महिनाभर विचार केला आणि मग मला ग्रंथालयाच्या दुर्मीळ पुस्तकांच्या खोलीत नेऊन एक जाडजूड पुस्तक दाखवलं. विद्यार्थ्यांना कायद्याने मिळणाऱ्या सवलतींचं पुस्तक. रोमन कायदा आणि चर्चचा कायदा दोन्ही धुंडाळून एका पंडिताने विद्यार्थ्यांच्या बाजूचं जे जे सापडेल ते गोळा केलं होतं. जवळजवळ दोनशे सवलती. "तू विद्यार्थिनी आहेस," ते म्हणाले, "निदान कोणीतरी यातला फायदा घ्यावा."

त्या खोलीत शाई चालत नसे. पेन्सिल, फोमच्या उशीवर ठेवलेलं पुस्तक, आणि पान मिटू नये म्हणून वर ठेवायची शिशाची माळ. पुस्तकात दोन स्तंभ, बारीक अक्षर आणि प्रत्येक ओळीत दोन-तीन आधार. आधार द्यायची पद्धत पाहिली आणि मी जागेवरच हसले. त्या काळचे कायदेपंडित कलमाचा आकडा देत नसत, कलमाचे पहिले एक-दोन शब्द देत. वाचणाऱ्याला पुढचं येतंच असं गृहीत. आपल्याकडे टीकाकार श्लोकाचे पहिले दोन शब्द लिहून पुढे जातात, तसंच. माझ्या बरोबरीचे अमेरिकन विद्यार्थी या शब्दांशी महिनोन्महिने झगडत होते. मला मात्र आजोळच्या गावातून फिरल्यासारखं वाटलं. फक्त गाव लॅटिन होतं.

प्रत्येक सवलतीची मांडणी ठरलेली. आधी नियम. मग त्याचा विस्तार: हा नियम अमक्यालाही लागू, तमक्यालाही लागू, विद्यार्थ्याच्या नोकरालाही लागू. आणि शेवटी मर्यादा: पण अमुक असेल तर लागू नाही. मी हे बाबांना फोनवर सांगितलं, तेव्हा ते म्हणाले, "मर्यादा कसल्या, परंतुकं म्हण. आपल्या कायद्यातही तेच. सरकार एका हाताने देतं आणि 'परंतु' म्हणून दुसऱ्या हाताने काढून घेतं."

तेव्हापासून आमचे रविवार सुरू झाले.

माझी रविवारची सकाळ म्हणजे मिरजेची संध्याकाळ. मी फोनचं कार्ड खरवडून त्यातला नंबर दाबायची, एक बाई किती मिनिटं उरली ते सांगायची, आणि मग बाबा फोन उचलायचे. बाबा चाळीस वर्षं दिवाणी वकील होते. जमिनीचे, वहिवाटीचे, पाटाच्या पाण्याचे दावे. त्यांचा आवाज कोर्टातही चढत नसे आणि घरीही नाही. आईशी बोलून झालं की ते फोन घ्यायचे आणि म्हणायचे, "हं. आज काय मागणी आहे विद्यार्थ्यांची?"

मी त्या आठवड्यातली सवलत मांडायची. ते विरुद्ध पक्षाचे वकील.

"विद्यार्थ्याच्या शेजारी लोहार राहायला आला आणि ठोकठोकीने अभ्यास होत नसेल, तर विद्यार्थी त्याला घर सोडायला लावू शकतो."

"हरकत. लोहार आधी राहत असला तर?"

"तरीही."

"आणि लोहाराचा मुलगाच विद्यार्थी असला तर?"

मी वही चाळायची. पंडिताने हाही प्रश्न घेतलेला असायचा. त्या काळच्या पंडितांनी सगळेच प्रश्न घेतलेले असायचे. तीनशे वर्षं त्या मंडळींना दुसरं काम नव्हतं.

"गावच्या चर्चचा पाद्री शिकायला विद्यापीठात गेला, तर पाच वर्षं गावात नसला तरी चालतं. उत्पन्न त्याचं त्याला मिळत राहतं."

"म्हणजे पुजारी पाच वर्षं काशीला आणि दक्षिणा घरपोच! पूजा कोण करणार?"

"बदली माणूस द्यायचा."

"बदली माणूस," बाबा म्हणायचे, "हे मला मान्य नाही. लिहून घे, हरकत नोंदवली."

नियम आणि विस्तार एका रविवारी, परंतुकं पुढच्या रविवारी, असा आमचा रिवाज पडला. आठवडाभर बाबांनी परंतुकं काय असतील याचा तर्क करायचा आणि मी बरोबर की चूक ते सांगायचं. ते बहुतेक वेळा बरोबर निघायचे. रोमन कायद्याचं एकही पान त्यांनी वाचलेलं नव्हतं. "माणसं सगळीकडे तीच लबाडी करतात," ते म्हणायचे, "म्हणून कायदे सगळीकडे तेच."

घरातल्या तिघीही हळूहळू या रविवारांच्या श्रोत्या झाल्या. आमच्या वरच्या मजल्यावरच्या मुलाकडे टीव्हीसमोर पट्टी अंथरून बाणांवर पाय आपटत नाचायचा खेळ होता. आमचं छत हलायचं. लोहाराची सवलत ऐकल्यापासून नागपूरची पेटून उठली होती. एका दुपारी ती खरोखर वर गेली. मीही मागोमाग गेले, कारण आधार माझ्याकडे होता. तिने दार वाजवलं आणि इंग्रजीत सांगितलं की रोमन कायद्यानुसार तुला हे घर सोडावं लागेल. मुलगा घामाघूम होता. तो नम्रपणे म्हणाला, "पण मीही विद्यार्थीच आहे." आम्ही दोघी खाली आलो. "तुझ्या पुस्तकात याला काय आहे?" तिने विचारलं. मी म्हटलं, दोन्ही पक्ष विद्यार्थी असतील तर सवलत एकमेकांविरुद्ध चालत नाही. "मग हे आधी नाही सांगायचं? फालतूमध्ये इज्जत घालवली यार."

तेव्हा मला ती गोष्ट नुसतीच गमतीची वाटली होती.

विद्यार्थ्याला छळ करून जबानी द्यायला लावता येत नाही, ही सवलत तिघींना सर्वांत आवडली. "मग कॉम्प्स म्हणजे काय?" मुंबईची म्हणाली. कॉम्प्स म्हणजे प्रबंधाआधीची सर्वंकष परीक्षा, आठवडाभर लेखी आणि मग तोंडी. माझी दोन हजार पाचच्या एप्रिलमध्ये होती.

त्या फेब्रुवारीत मी समन्सच्या सवलतीपर्यंत पोचले. अभ्यासासाठी परगावी असलेल्या विद्यार्थ्याला त्याच्या गावच्या कोर्टात बोलावता येत नाही. रोमन कायद्यात अभ्यासासाठीची गैरहजेरी ही रास्त गैरहजेरी मानली आहे. अशा माणसाच्या पाठीमागे काही निकाल झालाच, तर परत आल्यावर त्याला सगळं पूर्ववत करून मागता येतं. पंडिताने त्यावर चार पानं विस्तार केला होता. समन्सच नव्हे, विद्यार्थ्याचं चित्त अभ्यासावरून उडवील असा घरचा कुठलाही निरोप त्याला पोचवू नये. बापानेसुद्धा बोलावू नये. बापाची आज्ञा मोठी खरी, पण विद्या ही सगळ्या गावाच्या कामाची, आणि एका घरासाठी गावाचं काम थांबवता येत नाही.

बाबांचा धंदाच समन्सचा. बेलिफाने समन्स बजावलं की नाही, दारावर चिकटवलं की हातात दिलं, यावर त्यांनी निम्मं आयुष्य काढलं होतं. ते त्या रविवारी रंगात आले.

"हरकत. बापाने बोलवायचं नाही? कुठल्या देशात?"

"रोममध्ये."

"बापाला तिथे जिवंत ठेवत होते की नाही?"

"बाबा, रोममध्ये बापाला पोराचा जीव घ्यायचाही अधिकार होता. तरी अभ्यासातून उठवायचा नव्हता."

ते खूप हसले. मग त्यांनी एकामागून एक मुद्दे काढले आणि मी एकामागून एक आधार दिले. कलमांचे पहिले शब्द मी लॅटिनमध्ये म्हणत होते, आणि ते न कळता "हं, पुढे" म्हणत होते. शेवटी ते थांबले. लांब श्वास घेतल्याचं ऐकू आलं. "ठीक," ते म्हणाले. "दावा मंजूर. विद्यार्थी असेपर्यंत समन्स बजावायचं नाही." मग आत आईला हाक मारून म्हणाले, "अगं, ऐकलंस का? आज मी हरलो."

मी त्यांना कधी हरवलं नव्हतं. पत्त्यांतही नाही.

या सवलतीला परंतुक होतं. त्याच पानावर, उजव्या स्तंभात, खालून दहा-बारा ओळी वर. मी ते वाचलेलं होतं, वहीत उतरवलेलं होतं. विलंबाने जे नुकसान होईल ते पुढे भरून येणारं नसेल, तर सवलत लागू नाही. आणि उदाहरण म्हणून पंडिताने बापाचं अंथरूण घेतलं होतं. बाप मरणाला टेकला असेल तर विद्यार्थ्याला कळवलं पाहिजे, कारण पूर्ववत करून देणं कुठल्याही न्यायाधीशाच्या हातात नाही.

पुढच्या रविवारी मी ते सांगितलं नाही. पुढची सवलत घेतली. आठवडा कामाचा गेला वगैरे कारणं मी नंतर स्वतःला दिली, पण खरं कारण एवढंच की जिंकलेला दावा मला आणखी एक आठवडा जिंकलेला ठेवायचा होता. बाबांनी मला कोर्टात नेलं तेव्हा पहिल्याच दिवशी सांगितलं होतं की आपल्याविरुद्धचा निवाडा आपल्याला ठाऊक असला, तर तो आपणच कोर्टापुढे ठेवायचा. समोरच्याला सापडला नसेल तरी. मी वकिली सोडली त्याला पुष्कळ कारणं होती, त्यांतलं हे एक असेल असं मला तोवर वाटलं नव्हतं.

मार्चच्या मध्यावर एका रविवारी बाबांचा आवाज बारीक वाटला. मी विचारलं तर म्हणाले, घसा. मग त्यांनी विचारलं, "ते समन्सचं. त्यात काही राहिलं होतं का गं?"

"काय राहिलं?"

"परंतुक वगैरे. त्या पंडिताने नियम असा मोकळा सोडला असेल असं वाटत नाही."

मला वाटलं, अपील करतायत. महिना झाला तरी म्हाताऱ्याला हार पचत नाही. मला गंमत वाटली.

"नाही बाबा," मी म्हटलं. "काही नाही राहिलं. आता पुढची सवलत घ्यायची का?"

"घे," ते म्हणाले.

एप्रिलमध्ये परीक्षा सुरू झाली. ती सुरू व्हायच्या आठवडाभर आधीच्या रविवारी ते माझ्याशी दोन मिनिटं बोलले आणि म्हणाले, लिहिताना घाई करू नकोस, तुझं अक्षर घाईत वाचवत नाही. मी म्हटलं, बाबा, इथे टाइप करतात. ते म्हणाले, मग ठीक. त्यांच्याशी झालेलं माझं शेवटचं बोलणं टायपिंगबद्दल आहे. बुधवारी ते गेले. त्यानंतरच्या रविवारी फोन दादाने घेतला आणि म्हणाला की बाबांचा आवाज पार बसलाय, डॉक्टरांनी बोलायला मनाई केली आहे. त्या दिवशी बाबांना जाऊन चार दिवस झाले होते. दादा आयुष्यात कधी खोटं बोलला नव्हता. हे एवढं सफाईने तो कसं बोलला, असं मी त्याला पुढे विचारलं. "कागदावर लिहून दिलं होतं त्यांनी," तो म्हणाला. "मी वाचून दाखवलं."

मी माझ्या परीक्षेच्या उत्तरांत त्याच आठवड्यात रास्त गैरहजेरीवर नऊ पानं लिहिली. परीक्षकांनी ती उत्तम ठरवली.

दादाचा फोन आला त्या दुपारी तिघी घरी होत्या. पुण्याची एरवी कशालाही गलबलत नसे, पण ती उठून भाताचा कुकर लावून आली. मुंबईची तिकिटं बघायला लागली. नागपूरची म्हणाली, "व्हिसाच्या स्टॅम्पिंगचं काय? आत्ता गेलीस आणि व्हिसा अडकला तर तोंडी परीक्षा बुडेल." पुण्याची तिला म्हणाली, "तू गप बस ना." नागपूरची गप्प बसली आणि माझी बॅग भरायला लागली. तिने त्यात स्वतःचा चांगला स्वेटर घातला. मिरजेत, एप्रिलमध्ये. मी तो काढला नाही.

तोंडी परीक्षा पुढे ढकलायला अर्ज लागत होता. कचेरीतल्या बाईंनी फॉर्म दिला. त्यात गैरहजेरीचं कारण, मृताशी नातं आणि तारीख, अशा तीन जागा होत्या. मी तारीख लिहिली. बाईंनी कॅलेंडरकडे पाहिलं आणि हळुवारपणे विचारलं, "आणि तुम्हाला आज कळलं?" मी हो म्हटलं. त्यांनी थोडा विचार करून शिक्का मारला. पंडिताच्या पुस्तकात अभ्यास हे घरच्या गैरहजेरीचं रास्त कारण होतं. इथे घर हे अभ्यासातल्या गैरहजेरीचं रास्त कारण होतं. दोन्हीकडे माझे कागद व्यवस्थित होते.

मार्गदर्शकांना सांगायला गेले तेव्हा ते उठून उभे राहिले. समन्सचं सगळं मी त्यांना सांगितलं, परंतुकासकट. ते उभ्यानेच ऐकत होते. मग म्हणाले, "तुझे वडील हे पुस्तक गांभीर्याने वाचणारे शेवटचे गृहस्थ असावेत." मी म्हटलं, त्यांनी वाचलं नव्हतं, मी सांगितलेलं ऐकलं होतं. "हो," ते म्हणाले. "तेच." आणि पुन्हा खिडकीबाहेर बघायला लागले.

मी मिरजेला पोचले तेव्हा तेरावा होऊन गेला होता. गोडाच्या जेवणातले चार लाडू आईने माझ्यासाठी डब्यात ठेवले होते. घरी येणाऱ्यांची रीघ संपली होती. बार असोसिएशनचे एक काका तेवढे येऊन गेले आणि म्हणाले की तुझी परीक्षा महत्त्वाची, दादासाहेबांनी अगदी योग्य केलं. बाबांना कोर्टात सगळे दादासाहेब म्हणत. जाताना त्यांनी मला विचारलं की लॅटिनला तिकडे स्कोप कसा काय आहे.

दुसऱ्या दिवशी दुपारी आई आणि मी स्वयंपाकघरात बसलो होतो. ती मेथी निवडत होती. मीही एक जुडी ओढून घेतली.

"कधी कळलं तुम्हाला?" मी विचारलं.

"मार्चात. शुक्रवारी रिपोर्ट आला. पोटात सगळीकडे पसरलंय म्हणाले. महिना, फार तर दीड." ती देठ मोडत राहिली. "मी म्हटलं, तिला आत्ताच्या आत्ता फोन लावा. तर म्हणाले, असं नाही लावता येत. मी तिच्यापाशी कबूल केलंय. दावा मंजूर केलाय."

"आणि तू ऐकलंस?"

"मी कशाला ऐकते! भांडले की. तेव्हा म्हणाले, बरं, रविवारी विचारतो तिला. तिच्या पुस्तकात काही सोय असली तर ती स्वतःच सांगेल, मग कळवू. रविवारी विचारलं ना त्यांनी तुला?"

माझ्या हातातली काडी तुटली.

"विचारलं," मी म्हटलं.

"तू नाही म्हणालीस. फोन ठेवला आणि मला म्हणाले, नाही म्हणते. मी म्हटलं, अहो, पोरगी आहे, विसरली असेल, पुन्हा विचारा. तर म्हणाले, असतं तर तिने लपवलं नसतं. तिला मी शिकवलंय."

मी आईला सांगितलं. उजवा स्तंभ, खालून दहा-बारा ओळी वर, बापाचं अंथरूण. सगळं सांगितलं. तिने हातातली मेथी परातीत ठेवली.

"म्हणजे होतं?"

"होतं."

"कळवायला पाहिजे, असं लिहिलं होतं?"

"हो."

"मग सांगितलं का नाहीस?"

मी म्हटलं, "जिंकले होते, म्हणून."

आई माझ्याकडे बघत राहिली. रागाने नाही. तिला काही वेगळंच समजून घ्यायचं होतं, असं वाटलं. मग तिने परत मेथी उचलली.

"तुम्ही दोघं," ती म्हणाली. "एक इथे मरतोय आणि एक तिकडे, आणि मध्ये कोण तो चारशे वर्षांपूर्वीचा मेलेला. मला कुणी विचारलं? मला कुठे पुस्तक लागत होतं?"

थोड्या वेळाने ती म्हणाली, "त्यांना कळवायचं नव्हतंच गं. तू आलीस की सगळं खरं झालं असतं. निमित्त हवं होतं, ते तू दिलंस. एवढंच."

हे तिने माझ्यासाठी म्हटलं की खरं होतं म्हणून, मला अजून ठरवता आलेलं नाही. बाबांनी विचारलं असतं, आधार काय? आईकडे आधार नव्हता. ती त्यांच्याबरोबर छत्तीस वर्षं राहिली होती, एवढंच.

तिने मग डबा पुढे सरकवला आणि लाडू खायला लावला. तो कडक झाला होता.

महिन्याभराने परत आले. व्हिसा अडकला नाही. नागपूरची विमानतळावरून न्यायला आली होती. तोंडी परीक्षेत एका परीक्षकांनी विचारलं की पाठीमागे झालेला निकाल पूर्ववत करून मागण्याची सोय प्रत्यक्षात कितपत वापरली जात असे. मी म्हटलं, फार कमी; बहुतेकांना परत येईपर्यंत उशीर झालेला असे. त्यांनी मान डोलावली आणि पुढचा प्रश्न विचारला.

प्रबंधाला आणखी तीन वर्षं लागली. समन्सवरचं प्रकरण बेताबाहेर लांबलं. मी परंतुक पूर्ण उतरवलं, लॅटिन आणि भाषांतर दोन्ही, आणि ते पंडिताने कुठून कुठून घेतलं याचा माग दोन शतकं मागे नेला. प्रत्येक आधार मी मूळ पुस्तकात जाऊन तपासला. सगळे बरोबर निघाले. निदान एखादा तरी खोटा निघावा, असं मला वाटत होतं. समितीने लिहिलं की हे प्रकरण इतरांच्या मानाने असमतोल आहे, पण काळजीपूर्वक केलेलं आहे. अर्पणपत्रिकेत कोणाचं नाव घालायचं ते सुचलं नाही म्हणून मी पान कोरं ठेवलं. विद्यापीठाच्या नियमात कोरं पान बसत नव्हतं, तेव्हा ते काढून टाकलं.

दोन हजार आठमध्ये मी नेपरव्हिल या अमेरिकेतल्याच दुसऱ्या गावी आले. इथल्या एका शाळेत लॅटिन शिकवते. वर्गात दोन मुलं मराठी घरातली आहेत. ती माझ्याशी इंग्रजीत बोलतात आणि आयांनी सांगितलेलं असल्यामुळे शाळेबाहेर मावशी म्हणतात. दोघांना लॅटिन कशासाठी घेतलं हे नीट सांगता येत नाही. मी फार विचारत नाही.

आई दादाकडे असते. दादाला मी एकदाच सांगितलं, माझ्यापासून काही लपवायचं नाही, परीक्षा असो, बर्फ असो, काही असो. तो म्हणाला, "लिहून देऊ का?" मी म्हटलं, नको. आईला मात्र सांगावं लागलं नाही. ती रविवारी मला रक्तदाबाचे दोन्ही आकडे सांगते, कुठला गुडघा दुखतो ते सांगते, दादाशी कशावरून वाजलं ते सांगते, आणि शेजारच्या काकूंचं पडणं, जे त्यांच्या स्वतःच्या मुलीला माहीत नाही, तेही सांगते. मी ऐकून घेते. वाद घालत नाही.